‘मार्गदर्शक तत्त्वे’ : एक शब्द, दोन वस्तू

मुक्ता
एका कारखान्यासाठी लैंगिक छळ प्रतिबंधाची पुस्तिका मराठीत करतेय. सुरुवातीला कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाबद्दलच्या सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या विशाखा निकालाची माहिती आहे. तिथल्या ‘गाइडलाइन्स’ना मी हाताला सवय म्हणून ‘मार्गदर्शक तत्त्वे’ लिहिलं. तपासणाऱ्या वकीलबाईंनी त्यावर लाल रेघ ओढून समासात लिहिलं, “ही बंधनकारक होती!” आधी वाटलं, बाई उगाच कीस काढताहेत. मग नागरिकशास्त्राचं पुस्तक आठवलं. राज्याच्या धोरणाची मार्गदर्शक तत्त्वे! ती राबवावीत म्हणून कोर्टात जाता येत नाही, असं घटनेचं कलम 37 च सांगतं. आणि विशाखातली तर खुद्द कोर्टानं घालून दिलेली. काय लिहू?

अण्णा वकील
घटनेच्या शासकीय मराठी प्रतीत ‘निदेशक तत्त्वे’ आहे. तो शब्द तिकडे ठेवा, ‘मार्गदर्शक’ इकडे वापरा. भांडण मिटलं.

सांगलीकर
अण्णा, आमचे वडील आयटीआयमध्ये निदेशक होते. वेल्डिंग शिकवायचे. ‘निदेशक तत्त्वे’ म्हटलं की मला काळा चष्मा आणि ठिणग्या दिसतात.

फाइलबहाद्दर
‘मार्गदर्शक सूचना’ लिहा. सरकारी परिपत्रकांत तेच असतं.

मुक्ता
सूचना म्हणजे ‘चपला बाहेर काढाव्यात’. आमच्या जिन्यात लावलीय, तिच्याखालीच चपलांचा ढीग असतो. संसद कायदा करेपर्यंत हे पाळावंच लागेल, असं कोर्टानं स्पष्ट म्हटलं होतं. त्याला सूचना कसं म्हणू?

सांगलीकर
मग ‘नियम’ लिहा की सरळ.

अण्णा वकील
नको. नियम हे कायद्याखाली सरकार करतं. लैंगिक छळ प्रतिबंधाच्या 2013 च्या कायद्याचे स्वतंत्र नियम आहेत. वाचणारा तिथे जाऊन शोधत बसेल.

शुद्धमती
आपल्याकडे ‘दंडक’ हा इतका नेमका शब्द पडून आहे! विशाखा दंडक. घालून दिलेला आणि मोडता न येणारा. पण आपल्याला परिपत्रकी मराठीशिवाय घास उतरत नाही.

फाइलबहाद्दर
ताई, पाळीवर आलेल्या कामगाराला ‘दंडक’ वाचून दंड किती भरायचा असंच वाटेल.

शुद्धमती
कामगाराला कमी लेखू नका. ‘घरचा दंडक’ अजून खेडोपाडी बोलतात.

नागपुरी
शब्द राहू द्या, मूळ दुखणं वेगळंच आहे. कोर्टानं कायदा केला हे तोंडानं म्हणायला आपल्याला अवघड जातं, म्हणून ही मवाळ नावं. कायदा करायचा विधिमंडळानं, संसदेनं. इथे तीन न्यायाधीशांनी केला. निवडून कोणी दिलं होतं त्यांना?

अण्णा वकील
केला नाही, घोषित केला. कलम 141: सर्वोच्च न्यायालयानं घोषित केलेला कायदा सगळ्या कोर्टांवर बंधनकारक. आणि हवेतून आणला नाही. महिलांवरील भेदभावाविरुद्धच्या आंतरराष्ट्रीय करारावर भारतानं 1993 मध्ये शिक्कामोर्तब केलं होतं. कोर्टानं तो मूलभूत हक्कांच्या कलम 14, 15, 19 आणि 21 शी जोडून वाचला. ज्येष्ठ वकील फली नरिमन न्यायमित्र, म्हणजे कोर्टाला मदत करणारे वकील होते, सरकारच्या सॉलिसिटर जनरलनीही मदत केली. म्हणजे सरकारला ते अगदीच नको होतं असं नाही. पीठावर आपल्या मुंबई हायकोर्टातून गेलेल्या सुजाता मनोहर होत्या, हेही लक्षात असू द्या.

नागपुरी
सरकारला हवं होतं तर कायदा यायला 2013 का उजाडलं? 16 वर्षं!

अण्णा वकील
हा प्रश्न संसदेला विचारा. आणि कायदा आला तेव्हा सांगाडा तोच होता. समितीच्या प्रमुखपदी बाई, निम्म्या तरी बायका, एक बाहेरची व्यक्ती. मधल्या काळात मेधा कोतवाल-लेले यांच्या याचिकेवर कोर्टाला परत परत विचारावं लागत होतं, समित्या नेमल्या का म्हणून. 2012 मध्येसुद्धा.

सांगलीकर
‘न्यायमित्र’ छान आहे हो. कोर्टात कोणी म्हणतं का?

अण्णा वकील
नाही. ॲमिकस.

वैशाली
आमच्या कार्यालयात अजून पाटी ‘विशाखा समिती’च आहे. कायद्यात ‘अंतर्गत समिती’ असूनही. नवीन लागलेल्या मुलीनं मला हळूच विचारलं, “त्या विशाखाताईंचं पुढे काय झालं?” विशाखा हे याचिका करणाऱ्या संस्थेचं नाव, हे सांगेपर्यंत चहा निवला. जिच्यावर अत्याचार झाला त्या भंवरीदेवी. राजस्थान सरकारच्या महिला विकास कार्यक्रमात ‘साथिन’, म्हणजे गावपातळीवरच्या कार्यकर्त्या होत्या, बालविवाह रोखायला गेल्या म्हणून 1992 मध्ये सूड घेतला गेला. त्यांचं नाव कुठल्याच पाटीवर नाही. ‘साथिन’ला मराठीत काय म्हणाल? मी ‘सखी’ म्हणाले, पण ते फार नाजूक वाटतं.

शुद्धमती
सहचरी?

वैशाली
ती बायको झाली.

बडोदेकर
मध्येच घुसतो. ‘राज्याचे धोरण’ वाचून आमच्याकडची मुलं हसतात. गुजरातीत धोरण म्हणजे इयत्ता. धोरण दहा, धोरण बारा. संस्कृतात ‘धोरण’ घोड्याची दुडकी चाल, वाहनही. चाल यावरून वागण्याची दिशा, तिथून सरकारी पॉलिसी, असा माझा तर्क. इयत्तेपर्यंत मात्र घोडा कसा पोचला कळत नाही.

नागपुरी
दुडकी चाल हे 16 वर्षांना बरोबर लागू पडतं.

मुक्ता
पुस्तिका छपाईला गेली. ‘विशाखा निर्देश’ लिहिलं, वकीलबाईंनी मान डोलावली. मुखपृष्ठ कारखान्यानं परस्पर करून घेतलं, त्यावर ठळक ‘विशाखा समितीची मार्गदर्शक तत्त्वे’ आहे.

शुद्धमती
‘निर्देश’ म्हणजे नुसता उल्लेख. बोट दाखवणं. तर्जनी. आज्ञेसाठी ‘निदेश’, रफार नाही.

सांगलीकर
म्हणजे पुन्हा आमचे वडील.