मदत हवी आहे: संगमरवरावरचा तेलाचा डाग आणि मुलतानी माती

शिलाई मशीनच्या तेलाची कुपी पांढऱ्या संगमरवरी फरशीवर आडवी झाली आणि रात्रभर तशीच राहिली. (कुणी पाडली हा वाद घरात अजून मिटलेला नाही.) सकाळी बशीएवढा पिवळट डाग. साबणाने वरचा तेलकटपणा गेला, आत मुरलेलं तेल तसंच.

लोकरीतली चरबी काढायला पूर्वी हीच माती वापरत, म्हणून मुलतानी माती पाण्यात कालवून बोटभर जाड लेप दिला. दुसऱ्या दिवशी लेपाला भेगा पडल्या, कडा उचलल्या गेल्या. खरवडल्यावर मधला भाग खरंच फिका झाला होता, पण भोवती गडद कडं उमटलंय. ते आधी नव्हतं!

माझा अंदाज असा, की लेप डागापुरताच लावल्याने तेल बाजूला सरकलं. आता डागाच्या बाहेर दोन बोटं जास्त लावून, वर प्लास्टिक चिकटवून 24 तास ठेवायचा आणि मग उघडा करून सुकवायचा विचार आहे.

ज्यांनी हे केलंय त्यांनी सांगा: पाण्याऐवजी ॲसिटोनमध्ये (नेलपॉलिश काढायला वापरतात ते द्रावण) कालवल्यास तेल जास्त सुटतं का? पॉलिश जाईल का? बेंटोनाइटही (अशीच एक चिकणमाती) सुचवलंय एकाने, पण त्यातलं सोडियमवालं पाण्यात फारच फुगतं. लेपाला कॅल्शियमवालं बरं का? लिंबू-व्हिनेगर कृपया सुचवू नका, आम्लाने संगमरवर झिजतो.