मदत हवी आहे : विद्युतचुंबकीय सिद्धांत पुन्हा पहिल्यापासून शिकायचा आहे, आधी कोणतं पुस्तक धरू?

नमस्कार मंडळी,

मी नारायणगावचा. २०१९ मध्ये फिजिक्स घेऊन बी.एस्सी. झालो आणि तेव्हापासून वडिलांबरोबर मोटार रिवाइंडिंगच्या दुकानात आहे. पुढच्या वर्षी जॅम ही प्रवेशपरीक्षा देऊन एम.एस्सी. करायची इच्छा आहे. पण परीक्षा हे निम्मंच कारण. उरलेलं निम्मं जरा सविस्तर सांगतो, म्हणजे कोणत्या प्रकारचं पुस्तक हवंय ते लक्षात येईल.

गेल्या उन्हाळ्यात एक शेतकरी सबमर्सिबल घेऊन आले होते, बरोबर बारावीतला मुलगा. मी तेव्हा स्टॅबिलायझरच्या ट्रान्सफॉर्मरला सेकंडरी (वीज बाहेर देणारं वेटोळं) गुंडाळत होतो. मुलगा बराच वेळ बघत होता. मग म्हणाला, "काका, चुंबक तर सगळं आतल्या पत्र्यांत फिरतं ना? मग बाहेरच्या तारेला कसं कळतं आत काय चाललंय ते?" मी फॅरेडेचा नियम सांगितला, चुंबकीय क्षेत्र बदललं की वेढ्यात वीज निर्माण होते तो. तो म्हणाला, "हो, तो आम्हाला आहे. पण तार चुंबकाच्या बाहेर आहे ना?"

मला उत्तर देता आलं नाही. आणि खरं सांगतो, तोपर्यंत हा प्रश्न मला पडलाच नव्हता. एवढी वर्षं ४.४४ च्या ठरलेल्या सूत्राने तारेचे टर्न (वेढे) किती ते काढतोय, ट्रान्सफॉर्मर चालतात, गिऱ्हाईक खूश आहे. पण आतल्या पत्र्यातल्या बदलत्या क्षेत्राचा बाहेरच्या तांब्याला धक्का कशाने बसतो, हे मला माहीत नाही.

कॉलेजात आम्हाला नोट्स लिहून देत आणि पेपरात तीच डेरिव्हेशन्स येत. त्यामुळे सदिश कलनातला (दिशा असलेल्या राशींच्या कॅल्क्युलसमधला) कर्ल मला डिटर्मिनंट मांडून काढता येतो, गोलीय निर्देशांकांतला लाप्लासियन आजही पाठ आहे. पण कर्ल शून्य नाही म्हणजे तिथे नेमकं काय घडतंय, असं विचारलं तर गप्प बसावं लागतं.

मग पुण्याच्या अप्पा बळवंत चौकातून जॅक्सनच्या 'क्लासिकल इलेक्ट्रोडायनॅमिक्स'ची जुनी प्रत आणली, कारण सगळीकडे तेच नाव ऐकलं होतं. दोन महिने पहाटे पाच ते सात बसलो. दुसऱ्या प्रकरणातल्या प्रतिमा-प्रभारांपर्यंत कसाबसा आलो, पुढे लेजांद्र आणि बेसेल फलनं सुरू झाल्यावर हात टेकले. नंतर फाइनमनच्या भौतिकशास्त्रावरच्या व्याख्यानांचा दुसरा खंड कॅलटेकच्या साइटवर फुकट वाचायला मिळाला. तो वाचताना सगळं समजल्यासारखं वाटतं, पण सोडवायला गणितं नाहीत, म्हणून कळलंय की नुसतं वाटतंय ते तपासता येत नाही.

आणखी एक. खोडद आमच्यापासून जवळच. लहानपणापासून तिथल्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटरच्या तबकड्या बघतोय. त्यांच्या जाळीतून वारा आरपार जातो, पण तार्‍यांकडून आलेल्या रेडिओलहरी मात्र परत फिरतात. याचं गणित स्वतःच्या हाताने करता यावं, एवढी इच्छा आहे.

तर कोणतं पुस्तक आधी, कोणतं नंतर? सदिश कलन वेगळं शिकावं लागेल का? आणि शिकवायला कोणी नसताना गणितं बरोबर सुटली की नाही हे कसं ताडायचं? पहाटेचे दोन तास नक्की देऊ शकतो. मार्चपासून मोटारी जळायला लागतात, तेव्हा दुकान सोडता येत नाही.

प्रतिसाद १

मी एम.एस्सी.ला हाच विषय शिकवते. आधी जॅक्सन बंद करून कपाटात ठेवा. पुस्तक उत्तम आहे, पण ते एम.एस्सी.च्या पुढच्यांसाठी लिहिलेलं आहे; दोन महिन्यांत तुम्ही जिथे अडलात तिथे बहुतेक सगळेच अडतात. त्यावरून स्वतःची परीक्षा करू नका.

ग्रिफिथ्सचं 'इंट्रोडक्शन टू इलेक्ट्रोडायनॅमिक्स' घ्या. तिसरी-चौथी कोणतीही आवृत्ती चालेल. पहिलं प्रकरण निव्वळ सदिश कलनाचं आहे आणि लोक नेमकं तेच गाळतात. तुम्ही महिनाभर तेवढंच करा. त्यात एक जागा अशी येते की केंद्रातून बाहेर जाणाऱ्या, अंतराच्या वर्गाने घटणाऱ्या क्षेत्राचा डायव्हर्जन्स (एखाद्या बिंदूतून क्षेत्र किती बाहेर पसरतं ते) काढला की शून्य येतो, आणि त्याच क्षेत्राचा गोलातून जाणारा फ्लक्स, म्हणजे गोलाच्या पृष्ठभागातून बाहेर पडणारं एकूण क्षेत्र, मात्र ४π. तिथे घाई न करता दोन दिवस थांबा. डेल्टा फलन (एकाच बिंदूत सगळं एकवटलेलं फलन) का लागतं ते तिथे कळतं, आणि बिंदूप्रभारही.

आता त्या मुलाचा प्रश्न. फार चांगला प्रश्न आहे, त्याला उत्तर नक्की कळवा. नदीतला भोवरा आठवा. मधल्या भागापासून लांब एक पान सोडलं तर ते भोवऱ्याभोवती फिरतं, पण आदर्श भोवऱ्यात ते स्वतःभोवती गिरकी घेत नाही, त्याचा देठ एकाच दिशेला राहतो. म्हणजे त्या जागी कर्ल, अर्थात गिरकीचं माप, शून्य, तरी पाणी गोल वाहतंच आहे. ट्रान्सफॉर्मरमध्ये कर्ल आहे तो गाभ्यात, म्हणजे आतल्या पत्र्यांत, जिथे चुंबकीय क्षेत्र बदलतंय. पण त्यामुळे तयार होणारं विद्युत क्षेत्र गाभ्याबाहेरही गोल फिरत असतं. तारेला धक्का देतं ते हे विद्युत क्षेत्र. तारेच्या जागी चुंबकीय क्षेत्र असण्याची गरजच नाही.

याचा पुरावा तुमच्या दुकानात रोज असतो. आतल्या थरातला टर्न लहान, बाहेरच्या थरातला मोठा, तरी व्होल्टमागे टर्न तुम्ही एकच धरता ना? वेढा मोठा झाला की क्षेत्र तेवढंच कमी होतं आणि गुणाकार तोच राहतो.

प्रतिसाद २

ताईंशी एका बाबतीत असहमत. ग्रिफिथ्स हवंच, पण ज्याला 'का' असा प्रश्न पडलाय त्याने आधी पर्सेलचं पुस्तक वाचावं. बर्कली मालिकेतला दुसरा खंड. त्यातलं पाचवं प्रकरण वाचून मी खुर्चीतून उठून खोलीत फेऱ्या मारल्या होत्या. विद्युतप्रवाह वाहणाऱ्या तारेजवळून धावणाऱ्या प्रभाराकडे सापेक्षतेच्या नजरेने पाहिलं की चुंबकीय बल आपोआप निघतं, वेगळं गृहीत धरावं लागत नाही. चुंबकत्व हे वीजच आहे, फक्त चालत्या माणसाने पाहिलेली. हे आधी मनात बसलं की पुढची सूत्रं वेगळी दिसायला लागतात.

विकत घेताना आवृत्ती बघा. जुन्या आवृत्त्या गाउसियन (सेंटिमीटर-ग्रॅमवर आधारलेल्या) एककांत आहेत, २०१३ ची तिसरी एसआय (मीटर-किलोग्रॅमच्या) एककांत आहे आणि तिच्यात सोडवलेली गणितं भरपूर आहेत. एकटं शिकणाऱ्याला तीच बरी. (एककांचा हा घोळ जॅक्सनमध्येही आहे. १९९८ च्या तिसऱ्या आवृत्तीत पहिली दहा प्रकरणं एसआयमध्ये आणि अकराव्यापासून गाउसियन. पुढे कधी ते पुस्तक उघडाल तेव्हा हे लक्षात ठेवा.)

फाइनमन सोडू नका, फक्त वाचायची वेळ बदला. ग्रिफिथ्समधलं एक प्रकरण गणितांसकट संपलं की मगच फाइनमनचा तो भाग. तुमच्यासाठी पंधरावं प्रकरण, सदिश विभवाचं (ज्याचा कर्ल काढला की चुंबकीय क्षेत्र मिळतं ती राशी). लांब सोलेनॉइडच्या (नळीसारख्या गुंडाळलेल्या वेटोळ्याच्या) बाहेर चुंबकीय क्षेत्र शून्य असतं पण सदिश विभव शून्य नसतो, आणि ताईंनी सांगितलेलं ते बाहेरचं विद्युत क्षेत्र म्हणजे या विभवाच्या बदलाचा दर. मग सतरावं, तिथे फ्लक्सचा (म्हणजे फॅरेडेचाच) नियम कुठे फसतो त्याची उदाहरणं आहेत.

प्रतिसाद ३

गणितं ताडायची कशी, एवढ्यावरच लिहितो. उत्तरपुस्तिका नेटवर मिळतात, पण निदान तीन पहाटा झगडल्याशिवाय उघडू नका. त्याआधी स्वतःच तपासा. एककं जुळतात का? अंतर खूप वाढवलं तर उत्तर बिंदूप्रभारासारखं होतं का? सममितीच्या विरुद्ध काही आलंय का? या तीन चाळण्यांतून बहुतेक चुका बाहेर पडतात.

तुम्हाला धंद्यातली आणखी एक चाळणी आहे. स्टॅम्पिंग (गाभ्याचे पत्रे) पातळ का असतात हे माहीत आहे. आता भोवरी प्रवाहाचं (पत्र्यातच गोल फिरणाऱ्या प्रवाहाचं) गणित करा आणि नुकसान जाडीच्या वर्गाने वाढतं हे येतं का बघा. तांब्याची स्किन डेप्थ (बदलतं क्षेत्र धातूत किती खोल शिरतं ते) काढा. ५० हर्ट्झला साधारण ९ मिलिमीटर यायला हवी, १ मेगाहर्ट्झला मिलिमीटरच्या पंधराव्या भागाइतकी. जाळीचंही कोडं तिथून जवळच आहे: खोडदच्या लहरी २० सेंटिमीटर आणि त्याहून लांब, भोकं त्यामानाने खूप लहान.

ग्रिफिथ्सच्या सातव्या प्रकरणाच्या शेवटी दोन व्होल्टमीटरचं एक गणित आहे. ते नक्की करा.

धागाकर्ता

सगळ्यांचे मनापासून आभार. थोडा उशीर झाला, कारण करून बघितल्याशिवाय लिहायचं नव्हतं.

व्होल्टमागे टर्नचं वाचलं त्याच रात्री एक ट्रान्सफॉर्मर चालू ठेवून गाभ्याच्या पायाभोवती तारेचा एकच वेढा दिला. घट्ट वेढा, ०.२ व्होल्ट. मग तोच वेढा सैल करत हातभर मोठा केला. ०.२ च. इतकी वर्षं हे हाताखालून जात होतं.

पर्सेलची तिसरी आवृत्ती मागवली आहे, ग्रिफिथ्सची चौथी एका मित्राकडून मिळाली. पहिलं प्रकरण सुरू आहे, डेल्टा फलनाशी थांबलोय. सांगितलंत तसे दोन दिवस नाही, पाच दिवस झाले.

दोन व्होल्टमीटरचं गणित मात्र राहवलं नाही म्हणून पुढे जाऊन वाचलं आणि रविवारी मांडलं. वेढ्यात एका बाजूला १०० ओहम, दुसऱ्या बाजूला १००० ओहम. त्याच दोन टोकांना दोन मल्टिमीटर, एकाच्या तारा गाभ्याच्या या अंगाने, दुसऱ्याच्या त्या अंगाने. एकावर ०.०२ व्होल्ट, दुसऱ्यावर ०.१८. वडिलांना वाटलं मीटर बिघडलाय. मीटर अदलाबदल केले, आकडे जागेवरच राहिले. वडील बराच वेळ ते बघत उभे होते.

बेरीज ०.२ येते एवढं दिसतंय. पण मग 'दोन बिंदूंमधलं विभवांतर' या शब्दांना इथे काही अर्थ उरतो का, की सातव्या प्रकरणापर्यंत थांबू? तो मुलगा दिवाळीच्या सुट्टीत येणार आहे, त्याला हीच मांडणी दाखवायची आहे.