पेलेचा तो गोल: चित्रफीत नव्हे, ॲनिमेशन

वर एकाने विचारलंय की पेलेने एकामागून एक बचावपटूंच्या आणि शेवटी गोलकीपरच्या डोक्यावरून चेंडू उडवून हेडरने केलेला गोल व्हिडिओत इतका गुळगुळीत का दिसतो. अहो, ती मुळात चित्रफीत नाहीच! २ ऑगस्ट १९५९ चा तो सामना, साओ पावलोतल्या रुआ जावारी मैदानावरचा. त्या गोलचं चित्रीकरण उपलब्ध नाही. पुढे बघणाऱ्यांच्या आठवणींवरून संगणकावर तो उभा केला. आणि प्रतिस्पर्धी युव्हेंटस म्हणजे इटलीतला नव्हे, साओ पावलोतलाच.

खरं बघायचं तर १९५८ ची स्टॉकहोमची वर्ल्ड कप फायनल काढा. सतरा वर्षांचा पोरगा छातीवर चेंडू घेतो, बचावपटूच्या डोक्यावरून अलगद टाकतो आणि खाली पडू न देता मारतो. कृष्णधवल, दाणेदार, पण अस्सल.

माझा लाडका तुकडा मात्र न झालेल्या गोलचा. १९७० च्या वर्ल्ड कपची सेमीफायनल, उरुग्वेचा गोलकीपर माझुर्कीविझ पुढे धावतो. पेले चेंडूला शिवतच नाही. चेंडू एकीकडून, स्वतः दुसरीकडून! मग गाठून मारतो, तो खांबाच्या अगदी जवळून बाहेर. गिरगावातल्या आमच्या चाळीत भाड्याच्या व्हीसीआरवर हा तुकडा आम्ही इतका मागेपुढे केला, की टेपवर तिथेच पांढऱ्या रेघा उमटल्या. टेप परत देताना दुकानदाराच्या शिव्या खाल्ल्या, ते वेगळंच.