दावा गैरहजेरीत निकाली, ३० दिवसही उलटले. मदत हवी आहे

वडिलांनी शेजाऱ्यावर बांध कोरल्यावरून मनाईचा दावा लावला होता. सहा वर्षं झाली. कोर्टाने वादाचे मुद्दे काढले होते, वडिलांचं सरतपासाचं (स्वतःच्या साक्षीचं) शपथपत्र तेवढं बाकी होतं. तेवढ्यात ते पडले, खुब्याचं हाड मोडलं आणि नेमकी तारीख दवाखान्यात असताना आली. आदल्या रात्री वकिलांना फोन केला. "पुढची तारीख मागायचा अर्ज देतो, तुम्ही पेशंटकडे बघा," म्हणाले. आम्ही निर्धास्त.

परवा सहज ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर नंबर (दाव्याचा ओळख क्रमांक) टाकला, तर 'डिसमिस्ड इन डिफॉल्ट', म्हणजे गैरहजेरीमुळे दावा काढून टाकलेला. तारखेपासून ४१ दिवस झालेत. वकील म्हणतात, दुसऱ्या कोर्टात उलटतपास चालू होता, पुकाऱ्याला पोहोचलो नाही, अर्ज देऊन दावा परत नंबरवर घेता येतो, म्हणजे पुन्हा चालू करता येतो.

मी थोडं वाचलं. वादी गैरहजर आणि प्रतिवादी हजर असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर ९ नियम ८ लागतो, मग त्याच कारणावर नवा दावा चालत नाही. दोघंही गैरहजर असतील तर नियम ३; तिथे मुदतीत नवा दावाही लावता येतो. आता रोजनाम्यात (कोर्टाच्या तारखेच्या नोंदीत) फक्त एवढंच: "वादी व त्यांचे वकील वारंवार पुकारूनही गैरहजर. दावा काढून टाकण्यात येतो." प्रतिवादीबद्दल चकार शब्द नाही! शेजारी मात्र गावभर सांगतोय, मी कोर्टातच होतो म्हणून.

दुसरी अडचण. वकिलांनी अर्जाचा मसुदा पाठवलाय, त्यात "वादी आजारी असल्याने हजर राहू शकले नाहीत" एवढंच आहे. ते स्वतः का नव्हते, यावर अवाक्षर नाही. असा अर्ज द्यावा का? की वकील बदलू?

प्रतिसाद:
आदेश आणि रोजनामा, दोन्हींच्या नक्कला आधी मागा. दावा परत घेण्याच्या अर्जाची मुदत, मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२२ प्रमाणे, ३० दिवसांची आणि ती काढून टाकल्याच्या तारखेपासून धरतात, तुम्हाला कळल्यापासून नाही. म्हणून विलंब माफीचा अर्ज (त्याच कायद्याचं कलम ५) सोबत लागेलच. तो मसुदा मात्र देऊ नका. समोरचा वकील पहिला प्रश्न हाच विचारेल की वादी दवाखान्यात होते, पण वकील कुठे होते? खरं ते लिहा, डिस्चार्ज कार्ड जोडा. वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, असं सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलालमध्ये म्हटलंय. पण त्या भरवशावर राहू नका, चौकशी कधी केलीत तेही विचारतात. नियम ८ की ३ हे महत्त्वाचं आहे, कारण दावा नियम ८ खाली गेला असेल तर तो परत घेण्याचा अर्ज नियम ९ खाली, नियम ३ खाली गेला असेल तर नियम ४ खाली; नियम ९ खालचा अर्ज फेटाळला तर अपील आहे, नियम ४ खालच्याला नाही.

धागाकर्ता:
नक्कलेचा अर्ज आज दिला. त्या रात्रीच्या फोनची नोंद मोबाईलमध्ये सापडली, सव्वाचार मिनिटांचा कॉल. ती शपथपत्राला जोडली तर चालेल का?