जुन्या हायवेवरचा कमानी पूल: पाडायचा की राखायचा?

बोरीकाठ
जुन्या सहा नंबरच्या हायवेचा (आता ५३) एक तुकडा चौपदरीकरणात बाजूला पडला. आमच्या शिवारातल्या नाल्यावर त्याच तुकड्यावर काँक्रीटचा तीन कमानींचा पूल आहे. तो पाडून तिथे नळ्यांची मोरी टाकायची, असं ग्रामसभेत निघालं. माझा ठाम विरोध आहे. कमानीत भार दाबत दाबत दोन्ही टोकांच्या पायात उतरतो, आणि दाब सोसणं हीच तर काँक्रीटची ताकद. निव्वळ वय बघून पूल बाद ठरवू नका. गुजरातेतला गंभीरा पूल १९८५ चा, तो ९ जुलै २०२५ ला कोसळला. ब्रिटिशांच्या काळातलाही नव्हता. भरूचचा १८८१ चा गोल्डन ब्रिज मात्र २०२१ मध्ये शेजारी नवा पूल झाल्यावर वाहनांना बंद केला, पाडला नाही. आपणही तसंच करावं.

शिरपूरकर
भाऊ, कमानीचं कौतुक महाडला जाऊन सांगा. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री सावित्री नदीवरचा जुना दगडी कमानींचा पूल पुरात गेला, दोन एसट्या वाहून गेल्या. नवा पूल १६५ दिवसांत उभा राहिला. मग आपण जुन्याला का कवटाळायचं? शाळेची पोरं रोज आपल्या या पुलावरून जातात.

वरचं शेत
माझं शेत पुलाच्या वरच्या अंगाला आहे. आठ महिने नाला कोरडा असतो म्हणून इथल्या कोणाला कळत नाही. वरून लोंढा आला की बाभळीचे ओंडके कमानीत अडकतात, पाणी तुंबतं आणि माझ्या बांधावरून कपाशीत घुसतं. मागच्या पावसाळ्यात दोनदा झालं. तुम्हाला पूल देखणा दिसतो, आम्हाला पाणी दिसतं.

बोरीकाठ
दादा, तुमचं नुकसान खरं आहे, ते मी नाकारत नाही. पण मोरीच्या नळ्या कमानीपेक्षा अरुंद. ओंडके त्यात आधी अडकतील.

वरचं शेत
मग मोरी नको, मोठ्या गाळ्याचा, म्हणजे खांबांमध्ये जास्त अंतर असलेला पूल द्या. कमानी तेवढ्या काढा.

निवृत्त बांधकामवाला
दोघंही कमानीवर भांडताय. जरा पायाकडे बघा. कमान स्वतः दणकट असते, पण तिला पाया हलणं सोसत नाही. एक खांब जरा खचला की कमानीला तडा जातो. आणि पाया उघडा पडतोय वाळूच्या उपशामुळे. रात्री ट्रॅक्टर नाल्यात उतरतात, तळ खाली जातो, पुराचं पाणी खांबाखालची उरलेली माती खरवडतं. हे थांबलं नाही तर नवा पूलही टिकणार नाही. चैत्रात नाला आटल्यावर खांबाशेजारी खोदून पाया किती खोल आहे ते मोजा, तडे कुठे आहेत ते चुन्याने आखा. त्याआधी पाडायचं किंवा राखायचं ठरवणं मला पटत नाही.

शिरपूरकर
मोजमाप होईपर्यंत पोरं कुठून जातील, ते सांगा. पाऊस त्याची वाट बघत नाही.

बोरीकाठ
ट्रॉल्या आणि डंपर आजपासून बंद. दोन्ही तोंडांना लोखंडी आडवे रूळ लावू, पायी आणि सायकल तेवढी चालू ठेवू. नाल्याला पाणी आलं की तेही बंद, तोवर पोरांना वरच्या फरशीवरून, म्हणजे नाल्यावरच्या ठेंगण्या पुलावरून नेऊ.

वरचं शेत
वरची फरशी पुलाच्या आधी बुडते. गेल्या वर्षी मीच पोरांना तिथून परत पाठवलं. पाणी आलं की त्या दिवशी शाळा बुडणार, हे आधी गावाला सांगा.