लष्करचा की लष्कराचा?

लालबागहून

मंडळी, एका दिवाळी अंकासाठी भाषांतर करतेय. विषय जड आहे: जिहादी दहशतवादी संघटना कशा उभ्या राहिल्या, कशा पसरल्या आणि त्यांना आवर घालायला कोणी काय केलं. माझी गाडी मात्र शब्दांवरच अडली. ‘लष्कर-ए-तैयबा’ हे पाकिस्तानातल्या संघटनेचं नाव दर ओळीत लिहायचा कंटाळा आला म्हणून पुढे नुसतं ‘लष्कर’ केलं आणि वाक्य झालं, ‘लष्कराचे दहा जण समुद्रमार्गे मुंबईत उतरले.’ आई शेजारी वाल सोलत बसली होती. वाचून दाखवलं तर म्हणाली, “अगं, लष्कर आपल्याला सोडवायला आलं होतं ना?” खोडून ‘लष्करचे’ केलं, तर संगणकाने खाली लाल रेघ ओढली.

दुसरं, नेटवर्कला मी ‘जाळे’ लिहिलंय. पण दर परिच्छेदात ‘जाळे उद्ध्वस्त केले’ येतंय आणि ते कानाला खटकतंय. तिसरं, दहशतवादी, अतिरेकी, आतंकवादी हे आलटून पालटून वापरले तर चालतील का? आणि स्लीपर सेलला, म्हणजे हुकमाची वाट बघत लोकांत गपचूप राहणाऱ्या गटाला, कुणी मराठी शब्द सुचवेल का?

बोरिवलीहून

स्लीपर सेलला हात लावू नका. आमची आजी बातम्या ऐकता ऐकता म्हणाली होती, “स्लीपरचा सेल लागलाय तर एक जोड घेऊन ये, सात नंबर.” ‘सुप्त गट’ केलंत तर आजीला कळणार नाही आणि पोलिसांनाही.

गिरगावातून

ताई, काना काढा. लाल रेघेकडे बघू नका.

मी चौतीस वर्षं एका दैनिकात मुद्रितशोधक होतो. हा काना हजार वेळा काढला आणि एकदा राहिला. ‘लष्कराचा कमांडर चकमकीत ठार’ असा मथळा पहिल्या आवृत्तीत गेला. सकाळी सातला साताऱ्याहून एका निवृत्त सुभेदारांचा फोन: “कुठल्या रेजिमेंटचे होते हो?” मी काय पुटपुटलो ते आठवत नाही, पण दुसऱ्या दिवशी टेबलावर चिठ्ठी चिकटवली, ‘आपलं ते लष्कराचं, तैयबाचं ते लष्करचं’.

लष्कर हे सामान्यनाम. चा-ची-चे लागताना त्याचं सामान्यरूप ‘लष्करा’ होतं. संघटनेचं नाव म्हणून आलं की ते विशेषनाम, आणि परक्या विशेषनामाला आपण बहुतेक वेळा वाकवत नाही. जैशचा, हिज्बुलचा (या अशाच दुसऱ्या संघटना), तसं लष्करचा. खरी गंमत अल कायदाची. तो कायदा आणि आपला कायदा मुळात एकच अरबी शब्द. अर्थ पाया, बैठक, त्यावरून नियम. आपल्याकडे ‘नियम’ पोचला. १९८८ मध्ये अफगाण युद्धासाठी पेशावरात जमलेल्या अरबांनी ‘तळ’ हा अर्थ उचलला. आता पाहा, ‘कायद्याचा धाक’ पण ‘अल कायदाचा म्होरक्या’. एक वाकतो, दुसरा ताठ. भारतात या कायदावर बंदी आहे ती १९६७ च्या बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली. हे वाक्य तपासताना मी चष्मा काढून पुन्हा घातला होता.

आता तुमची तिकडी. तिन्ही शब्द एक नाहीत. मी नोकरीला लागलो तेव्हा, पंजाबच्या बातम्यांच्या काळात, सगळीकडे ‘अतिरेकी’ चाले. अतिरेक म्हणजे प्रमाण सोडणं. मिठाचाही होतो, लाडाचाही. त्यामुळे ‘अतिरेकी’त माणूस किती टोकाला गेला ते कळतं, त्याने काय केलं ते कळत नाही. टिळकांना जहाल म्हणत, तोही टोकाचाच शब्द, पण त्यात बॉम्ब आपोआप येत नाही. ‘दहशतवादी’ कामाकडे बोट दाखवतो: लोकांच्या मनात दहशत बसवून हेतू साधणारा. फारसीतून आलेली दहशत आणि संस्कृत वाद यांचा हा संकर आहे, पण संसार छान टिकला. ‘आतंकवादी’ हिंदी वाहिन्यांवरून आला. आयुर्वेदात आतंक हा रोगाचा एक पर्याय आहे, तेव्हा वैद्यांना तो शब्द लखलाभ. तुम्ही दहशतवादी लिहा. अतिरेकी अगदी क्वचित, पुनरुक्ती टाळायला.

आणि कृपा करून एके-४७ च्या गोळीने मेलेल्या माणसाला ‘कंठस्नान’ घालू नका. त्याला मान कापावी लागते.

एक शब्द मात्र आमच्या व्यवसायाने बरा घडवला: साखळी बॉम्बस्फोट. १२ मार्च १९९३ ला दुपारी दीडच्या सुमारास शेअर बाजाराखाली पहिला स्फोट झाला, मग एकामागून एक कळत गेले: काथा बाजार, प्लाझा, सेंच्युरी बाजार, एअर इंडियाची इमारत. २५७ माणसं गेली. संध्याकाळी आमच्याकडे कुणी ‘स्फोटमालिका’ लिहिलं, तर मुख्य उपसंपादक म्हणाले, मालिका दूरदर्शनवर लागते. साखळी उपोषणात एक उठला की दुसरा बसतो, तशी ही साखळी. शिवाय साखळी म्हटलं की तिचं टोक कुणाच्या तरी हातात असतं, आणि तपासही पुढे तिकडेच गेला: रायगडच्या शेखाडी आणि दिघीला उतरवलेल्या आरडीएक्सकडे.

कुर्ल्याहून

काकांचं वाचून मजा आली. मी कोकणी मुसलमान, घरात मराठी बोलतो, शाळेत उर्दू शिकवते. थोडी भर घालते.

तालिबान हे तालिबचं, म्हणजे विद्यार्थ्याचं, अनेकवचन आहे. मुजाहिदीन आणि फिदायीनही अनेकवचनंच. त्यामुळे ‘एक फिदायीन ठार’ वाचलं की मला ‘एक मुलगे आले’ असं ऐकू येतं. एकाला फिदाई म्हणतात. पण आता हा शब्द मराठीत असाच रुळलाय. मी वर्गात दुरुस्त करते, वर्तमानपत्रात सोडून देते.

जिहादचं मूळ ज-ह-द, म्हणजे झटणं. जद्दोजहद तिथलाच. स्वतःच्या मनाशी झगडणं हा एक अर्थ आणि धर्मासाठी लढाई हाही जुनाच अर्थ; दुसरा नव्हताच असं मी म्हणणार नाही, खोटं ठरेल. पण १९७९ च्या अखेरीस सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्यावर जे झालं ते वेगळं आहे. अमेरिकेचा आणि सौदीचा पैसा, पाकिस्तानच्या छावण्या, आणि देशोदेशीची पोरं. तेव्हाची कात्रणं काढून बघा, ‘मुजाहिदीन’ किती कौतुकाने छापलंय. युद्ध संपलं, छावण्या राहिल्या. माणसं तीच राहिली, त्यांच्यासाठीचा शब्द बदलला. म्हणून मी ‘जिहादी’ हे विशेषण त्यांच्या दाव्याचं नाव म्हणून वापरते. ‘इस्लामी दहशतवादी’ लिहिलं की वाक्यात माझे अब्बाही येऊन बसतात, आणि ते माझगावला बोंबील आणायला गेलेले असतात.

आणखी एक शब्द, बेवारस. लोकलमधली बेवारस बॅग सगळ्यांना माहीत आहे. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यातले नऊ जण मारले गेले, तेव्हा मरीन लाइन्सच्या बडा कब्रस्तानच्या विश्वस्तांनी त्यांना जागा द्यायला नकार दिला. पाकिस्ताननेही प्रेतं घेतली नाहीत. वर्षाहून जास्त काळ ती जे.जे.च्या शवागारात पडून होती, जानेवारी २०१० मध्ये गुपचूप पुरली. कुणी वारस म्हणून उभं राहिलं नाही. तुमच्या लेखात ‘प्रतिकार’ असा भाग असेल तर हा नकार त्यात घ्या.

वरळी कोळीवाड्यातून

जाळ्याबद्दल मी बोलतो. जाळं उद्ध्वस्त होत नाही ताई. घर उद्ध्वस्त होतं, तळ उद्ध्वस्त होतो. जाळं फाटतं. आणि फाटलं की आम्ही ओसरीत बसून रात्रीत शिवतो, सकाळी पुन्हा दर्यात. एक गाठ तोडली तर बाकीचं जाळं मासा धरतंच. तुमच्या लेखातल्या संघटना तशाच असतील तर शब्द चपखल आहे, फक्त क्रियापद चुकतंय.

शिवाय कुठलं जाळं? पाग एकट्याने फेकायचा, डोल प्रवाहात बांधून ठेवायची आणि वाट बघायची, रापण ओढायला अख्खं गाव लागतं. तो स्लीपर सेल का काय, ती मला डोल वाटते.

त्या रात्रीचं सांगायचं तर ते दहा जण ‘कुबेर’ नावाच्या बोटीवरून आले, पोरबंदरची बोट. तिच्या तांडेलला, म्हणजे बोट चालवणाऱ्या प्रमुखाला, त्यांनी मारलं. मग रबरी होडीतून बधवार पार्कजवळच्या मच्छीमारनगरला लागले. तिथल्या आपल्या लोकांनी त्यांना हटकलं होतं. हा ‘हटकणे’ शब्द लिहा. नंतर ओळखपत्रं आली, गस्तीच्या बोटी आल्या, किनारा सुरक्षेच्या ‘सागर कवच’ कवायती होतात, कागदावर बरंच काही आलं. पण पहिली हटकणारी माणसं कोळीच होती, हातात काही नसताना.

विरारहून

एक शब्द सगळे गाळतायत: संशयित.

११ जुलै २००६. पश्चिम रेल्वेवर ११ मिनिटांत ७ स्फोट, सगळे पहिल्या वर्गाच्या डब्यांत. मी त्या दिवशी मीरा रोडला स्फोट झालेल्या गाडीच्या मागच्या गाडीत होतो. कित्येक महिने डब्यात रॅकवर कुणाचा डबा राहिला तरी आम्ही दादरला उतरून उभे राहायचो. एकदा रेल्वे सुरक्षा दलाच्या जवानाने पिशवी उघडली तर आत अळूवड्या. असो. तेव्हा पकडलेल्यांना पेपरांनी पहिल्या दिवसापासून ‘दहशतवादी’ लिहिलं. २०१५ मध्ये मोक्का (संघटित गुन्हेगारीविरोधी कायदा) न्यायालयाने १२ जणांना दोषी ठरवलं, पाच जणांना फाशी. २१ जुलै २०२५ ला उच्च न्यायालयाने बाराही जणांना निर्दोष सोडलं. पुढे सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल दाखला म्हणून वापरायला स्थगिती दिली, पण सुटलेल्यांना परत आत पाठवलं नाही. त्यांतला एक जण तर निकालाआधीच तुरुंगात वारला होता. मुद्रितशोधक काका, ‘लष्करचा’मधला काना तुम्ही शोधलात. ‘संशयित’ ही चार अक्षरं कुणी गाळली?

गिरगावातून

बरोबर आहे. आम्हीच गाळली. मथळ्यात बसत नाहीत, हे कारण असायचं. कारण खरं होतं, पण पुरेसं नव्हतं.

ताई, आणखी दोन शब्द. ‘सूत्रधार’ नाटकातून आला, आता नाटकात कमी आणि गुन्ह्यात जास्त दिसतो. २६/११ ला तो अक्षरशः लागू पडतो: दोरी हातात धरून कराचीत बसलेली माणसं फोनवरून एकेक हालचाल सांगत होती. त्यांतल्या एकाच्या तोंडी ‘प्रशासन’ हा संस्कृत शब्द आला आणि हा पाकिस्तानी नव्हे, असा संशय तपास करणाऱ्यांना आला, असं पुढे छापून आलं. तो आवाज ज्याचा असल्याचं तपास यंत्रणांनी म्हटलं, तो २०१२ मध्ये सौदीहून आणलेला आरोपी, अबू जुंदाल, मूळचा बीडच्या गेवराईचा. एका तत्सम शब्दाने इतकं काम केल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही.

आणि हवाला, म्हणजे बँकेबाहेरून विश्वासावर पैसे पोचवणं. पैशाचा हवाला आणि हवालदार एकाच घरातले. तुमच्या लेखात दोघेही असतील.

लालबागहून

सगळ्यांचे आभार, विशेषतः वरळीच्या दादांचे. आत्ता केलेला मसुदा देते, चुका काढा:

‘जानेवारी २००२ मध्ये पाकिस्तानने लष्करवर बंदी घातली. लष्करने फाटलेलं जाळं शिवलं आणि ते जमात-उद-दावा या नावाने पुन्हा टाकलं. डिसेंबर २००८ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी ते नावही यादीत घातलं. २०१८ ते २०२२ पाकिस्तान पैशांच्या व्यवहारांवरून एफएटीएफ या दहशतवादाच्या पैशावर नजर ठेवणाऱ्या आंतरराष्ट्रीय संस्थेच्या करड्या, म्हणजे जादा देखरेखीच्या, यादीत होता. या काळात दोरा महागला. तरी २०१९ नंतर काश्मिरात द रेझिस्टन्स फ्रंट हे नवं नाव आलं, आणि एप्रिल २०२५ मध्ये पहलगामला २६ जण मारले गेल्यावर जुलैत अमेरिकेने त्यालाही लष्करचंच दुसरं नाव ठरवलं.’

आईला वाचून दाखवलं. ‘लष्करने’ला तिने मान वर केली नाही.

गिरगावातून

‘दोरा महागला’ ठेवा. पण ‘लष्करवर’ आणि ‘बंदी’ एका ओळीत येऊ देऊ नका. घाईत वाचणारा ‘लष्करावर’ वाचतोच. तिथे पूर्ण नाव घाला.