किदलात ताहिमिक: दिग्दर्शक, नट की शिल्पकार?

सिनेवेडा७७
फिलिपिनो सिनेमा म्हटलं की मला लिनो ब्रोका आणि लाव दियाझ एवढंच माहीत. आता कळलं की किदलात ताहिमिक नावाचे एक गृहस्थ आहेत, दिग्दर्शन, अभिनय, लेखन, एडिटिंग आणि वर शिल्पं पण करतात. एक ना धड भाराभर चिंध्या असा प्रकार आहे का खरंच दम आहे? कुठून सुरू करू?

रीळवाला
चिंध्या कसल्या! मूळ नाव एरिक दे गिया, फिलिपिन्समधल्या बागियो शहरातला, जन्म १९४२. अमेरिकेतल्या व्हार्टनचा एमबीए, पॅरिसला ओईसीडी या आंतरराष्ट्रीय आर्थिक संस्थेत इकॉनॉमिस्ट, म्हणजे जन्माची ददात मिटलेली, आणि हा पठ्ठ्या ते सोडून १९७२ च्या म्युनिक ऑलिम्पिकला शिंपल्यांच्या शोभेच्या वस्तू विकायला गेला, धंदा बुडाला आणि तिथल्या कलाकार मंडळींतच रमला. जर्मन दिग्दर्शक हर्झोगने त्याला कास्पार हाउजरवरच्या सिनेमात छोटं काम दिलं.
तू 'मबाबांगोंग बांगुंगोत' (१९७७) पासून सुरू कर. त्यात हाच जीपनीचा (तिथली रंगीबेरंगी प्रवासी जीप) ड्रायव्हर झालाय, गावात रॉकेटवाल्या फॉन ब्राउनचा फॅन क्लब चालवतो. सुरुवातीला गावच्या पुलावरून दोरीने खेळण्यातली जीपनी ओढत नेतो, मग खरीखुरी, सगळं इतकं सरळ चेहऱ्याने की हसावं का नाही तेच कळत नाही. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात समीक्षकांचं पारितोषिक मिळालं.

अर्धवट_प्रेक्षक
सिनेमा भारीच आहे पण त्याला 'बहुगुणी' वगैरे म्हणणं जरा अती होतंय. पैसे नसले की माणूस सगळं स्वतःच करतो, त्यात काय एवढं.

रीळवाला
@अर्धवट_प्रेक्षक पैसे नव्हते हे खरंच, पण त्याने त्याचीच पद्धत करून टाकली ना. दर्यावर्दी मॅगेलनच्या एन्रिके नावाच्या गुलामावरचा सिनेमा १९८० च्या आसपास सुरू केला, एन्रिकेचं काम स्वतःच केलं, मग काम रखडलं, पोरं मोठी झाली, आणि २०१५ ला तो 'बालिकबायान' म्हणून बर्लिनला लागला. मधली सगळी वर्षं चेहऱ्यावर दिसतात, मेकअपची गरजच नाही. कुठला निर्माता एवढा थांबला असता?

खिडकीपाशी
शिल्पांचं राहिलंच की. २०२१ ला माद्रिदच्या पालासिओ दे क्रिस्तालमध्ये याच मॅगेलन प्रकरणावर लाकडी पुतळ्यांचं मोठं प्रदर्शन केलं होतं. २०१८ ला फिलिपिन्सचा नॅशनल आर्टिस्ट (तिथला मोठा सरकारी कला-सन्मान) झालाय तो, तरी समारंभांना लंगोट लावून, बांबूचा कॅमेरा घेऊन जातो 😄

सिनेवेडा७७
बरं, मग शनिवारी जीपनीवालाच लावतो. सबटायटल लागतील का?

रीळवाला
फारशी नाही, बरंचसं निवेदन इंग्रजीतच आहे.